वाचकांचे प्रश्न : कालवा भरून वाहतोय, मग आमच्या चारीला पाणी का नाही?

मागच्या अंकात मी जाता जाता एका ओळीत लिहून गेलो की देशातल्या विद्यापीठांसाठी आणि संशोधन संस्थांसाठी एक वेगळं नेटवर्क आहे, नॅशनल नॉलेज नेटवर्क (एनकेएन) नावाचं, आणि त्यावर एवढे मेल आले की संपादकबाई म्हणाल्या, आता हा महिना यालाच देऊन टाका. माझी नोकरी एका संस्थेच्या कॉम्प्युटर सेंटरमध्ये वायरी ओढण्यात आणि फोनवर शिव्या खाण्यात गेली, त्यामुळे हा विषय म्हणजे माझ्यासाठी चुलीजवळची जागा. सगळेच प्रश्न घेता आले नाहीत, सारखे होते ते एकत्र केलेत.

काका, आमच्या विद्यापीठात बोर्डवर लिहिलंय की कॅम्पस एनकेएनला १ जीबीपीएसने जोडलाय. पण लायब्ररीत बसून एक पेपर डाउनलोड करायला मी शेवटी फोनचा हॉटस्पॉटच लावते. मग तो १ जीबी जातो कुठे? (एम.एस्सी.ची विद्यार्थिनी, सांगली)

अगं, बोर्ड खोटा नाहीये आणि तूही खोटी नाहीस, गंमत तीच आहे. तुझ्या घरचे कुणी शेतकरी असतील तर त्यांना विचार, धरणातून कालवा सुटतो, मग वितरिका, मग चारी, मग पोटचारी, आणि पेपरात बातमी येते की आवर्तन सुटलं, पण टेलच्या माणसाच्या उसाला पाणी पोचतंच असं नाही. इथे अगदी तसंच आहे. एनकेएनची जबाबदारी तुमच्या कॅम्पसच्या एका खोलीपर्यंत, तिथे एक राऊटर ठेवलेला असतो आणि तिथे कालवा संपतो. त्या खोलीपासून तुझ्या टेबलापर्यंतची सगळी चारी विद्यापीठाची स्वतःची, आणि तिला कुणी वाली नसतो.

मी स्वतः बघितलेला किस्सा सांगतो, संस्थेचं नाव नको. फायबर आला, हार घातला, फोटो काढले. सहा महिन्यांनी एका डिपार्टमेंटची तक्रार, नेट रांगतंय. आम्ही राऊटर तपासला, चकाचक. मग वायर धरून धरून चालत निघालो तर ती एका गोदरेजच्या कपाटामागे गेली आणि तिथे धुळीत एक जुना हब, म्हणजे अनेक वायरी एकत्र जोडायची डबी, लुकलुकत होता, १० एमबीपीएसचा, आणि सगळं डिपार्टमेंट त्याच्या पोटातून जात होतं. त्याच्या शंभरपट मोठा पाईप आणून आम्ही त्याला बाटलीचं बूच लावलं होतं! आणि नवा स्विच बसवायला अजून दोन महिने, कारण फायबरचा खर्च केंद्राच्या योजनेतून आणि स्विचचा खर्च डिपार्टमेंटच्या कंटिन्जन्सीतून, म्हणजे किरकोळ खर्चाच्या पैशातून, आणि ती संपलेली.

तुझ्यासाठी सांगायचं तर लायब्ररीतल्या एखाद्या मशीनला वायर लावून स्पीड बघ, मग तिथेच वायफायवर बघ, सकाळी ८ ला एकदा आणि दुपारी १२ ला एकदा. वायरवर पळतंय आणि वायफायवर नाही, तर ॲक्सेस पॉइंट, म्हणजे वायफायच्या डब्या, कमी आहेत, साठ पोरं एका डबीवर लटकलीयत. वायरवरही दिवसभर एकसारखंच हळू असेल तर मध्ये कुठेतरी जुना स्विच नाहीतर फायरवॉल, म्हणजे आत-बाहेर जाणारं सगळं तपासणारा पहारेकरी, आहे, बरेचदा फायरवॉल घेतला तेव्हा लाइन छोटी होती आणि नंतर लाइन वाढली तरी तोच चालू राहिला. सकाळी छान आणि दुपारी मेलं, तर मात्र गर्दी. हे आकडे कागदावर लिहून कॉम्प्युटर सेंटरला दे. नुसतं 'नेट स्लो आहे सर' म्हणालीस तर आम्ही लोक 'बघतो' म्हणतो, आकडे दिलेस की उठावं लागतं.

आज खेड्यात पोरांच्या हातात फोरजी-फाइव्हजी आहे. अशा वेळी सरकारने हजारो कोटी घालून प्राध्यापकांसाठी वेगळं इंटरनेट का पोसायचं? हा उधळेपणा नाही का? (निवृत्त मुख्याध्यापक, नाशिक)

सर, प्रश्न रास्त आहे. आकडाही तुमच्या बाजूने मोठा आहे, मार्च २०१० मध्ये मंजुरी मिळाली ती ५,९९० कोटींना, दहा वर्षांसाठी, १,५०० च्या आसपास संस्था जोडायच्या, काम एनआयसीकडे, म्हणजे सरकारच्या नॅशनल इन्फॉर्मेटिक्स सेंटरकडे. त्याआधी नॅशनल नॉलेज कमिशनने, म्हणजे सॅम पित्रोदांच्या, अशा नेटवर्कची शिफारस केली होती आणि पहिल्या टप्प्याचं उद्घाटन एप्रिल २००९ मध्ये आपल्या जळगावच्या प्रतिभाताईंनी, राष्ट्रपती असताना, केलं.

आता वेगळं का? बाजारातलं इंटरनेट ज्या हिशोबावर चालतं तो एसटीच्या हिशोबासारखा आहे. सगळे एकाच वेळी चढणार नाहीत हे धरून सीटा ठेवतात. तुम्ही व्हिडिओ बघता, मी मेल बघतो, भागतं. संशोधनाचं तसं नसतं, तिथे महिनाभर काही नाही आणि मग एका रात्रीत अख्खी बारात येते. मुंबईत कुलाब्याला टीआयएफआर या संशोधन संस्थेत सर्नच्या, म्हणजे जिनिव्हाच्या अणुकण प्रयोगशाळेच्या, सीएमएस प्रयोगाचं डेटा सेंटर आहे, जिनिव्हाहून निघालेला डेटा इथे येतो, इथे त्याच्यावर काम होतं, कोलकात्याच्या व्हीईसीसी या संशोधन केंद्रात तसंच सर्नच्याच ॲलिस प्रयोगाचं. हे घरगुती पॅकवर ओढायला गेलात तर कंपनी 'फेअर यूसेज' दाखवून लाइन आवळेल, आणि तिचीही चूक नाही, तिचा धंदा त्यासाठी नाहीच.

दुसरं म्हणजे हे आपलंच खूळ आहे असं नाही. इंग्रजांचं जॅनेट १९८४ पासून चालू आहे, जर्मनीचं डीएफएन, डच लोकांचं सर्फ, अमेरिकेत इंटरनेट-टू, चीनचं सर्नेट, आणि ही सगळी एकमेकांना जोडलेली. आपल्याला जोडायला आपलंही एक लागतं, व्याह्यांकडे जायचं तर आपलंही घर हवं ना.

पण तुमच्या प्रश्नातला अर्धा भाग मी मान्य करतो. पैसा धरणाला आणि कालव्याला मिळाला, चारीला नाही. वरच्या मुलीचं उत्तर वाचा. कॉलेजांसाठी जी वेगळी योजना होती, आयसीटी मिशनची, म्हणजे माहिती-तंत्रज्ञानातून शिक्षणाची, तिच्यात विद्यापीठाला १ जीबीपीएस आणि कॉलेजला बीएसएनएलमार्फत ५१२ केबीपीएसच्या वीस जोडण्या असा हिशोब होता, म्हणजे सगळ्या मिळून १० एमबीपीएस. एवढं हजार-दोन हजार पोरांच्या कॉलेजला! त्यात काय होणार, तुम्हीच सांगा. उधळेपणा मी म्हणणार नाही, पण वाटप वाकडं झालं हे म्हणेन.

भारतात इंटरनेट १५ ऑगस्ट १९९५ ला आलं असं मी नातवाला सांगितलं. तो म्हणाला, आजोबा, त्याच्या आधीपासून होतं. कोण बरोबर? (बँकेतून निवृत्त, डोंबिवली)

नातू बरोबर, पण तुम्हीही चूक नाही. १५ ऑगस्ट ९५ ला व्हीएसएनएलने, म्हणजे परदेशी फोन सांभाळणाऱ्या तेव्हाच्या सरकारी कंपनीने, ते तुमच्या-माझ्यासाठी उघडलं. त्याच्या आधी सात-आठ वर्षं ते मुंबईतच होतं, जुहूला, फक्त आपल्याला बोलावणं नव्हतं.

ही गोष्ट मला फार आवडते म्हणून जरा ऐसपैस सांगतो. १९८६ मध्ये दिल्लीच्या इलेक्ट्रॉनिक्स खात्याने, संयुक्त राष्ट्रांच्या यूएनडीपीच्या मदतीने, अर्नेट नावाचा प्रकल्प काढला, एज्युकेशन अँड रिसर्च नेटवर्क. आठ जण होते, तेव्हाच्या पाच आयआयटी, म्हणजे दिल्ली, मुंबई, कानपूर, खरगपूर, मद्रास, मग बंगळुरूची आयआयएससी, जुहूची एनसीएसटी आणि आठवं ते खातं स्वतः. एनसीएसटी म्हणजे नॅशनल सेंटर फॉर सॉफ्टवेअर टेक्नॉलॉजी, आता ते सीडॅक या सरकारी कॉम्प्युटर संशोधन संस्थेत विलीन झालंय, त्याचे पहिले संचालक डॉ. श्रीनिवासन रमणी. पुढे २०१४ मध्ये त्यांना इंटरनेट हॉल ऑफ फेममध्ये मान मिळाला, पण मराठी पेपरांत त्याची बातमी किती इंची होती ते विचारू नका.

सुरुवात साध्या टेलिफोनवर. ८६-८७ साली एक कॉम्प्युटर दुसऱ्याला फोन लावायचा, साठलेल्या मेल देऊन टाकायचा, त्याच्याकडच्या घ्यायचा आणि फोन ठेवायचा. यूयूसीपी म्हणायचे त्याला. पोस्टाच्या थैलीसारखंच, फक्त थैली तारेतून. पत्त्यात ॲटच्या ऐवजी उद्गारचिन्हं असायची, अमक्याकडून तमक्याकडे आणि तमक्याकडून ढमक्याकडे असा सगळा रस्ताच पत्त्यात लिहायचा, मधला एक जण बंद पडला की पत्र राहिलं. आणि एसटीडीचे दर रात्री उतरायचे हे तुम्हाला आठवत असेल, पीसीओबाहेर त्यासाठीच रांगा लागायच्या, तर त्या काळात फोनवर चालणारं कुठलंही काम रात्रीवर ढकलायची सगळ्यांनाच सवय होती.

मग १९९० मध्ये अर्नेटला स्वतःचे आयपी पत्ते, म्हणजे इंटरनेटवर मशीन ओळखायचे नंबर, मिळाले, १४४.१६ ने सुरू होणारे, एकदम ६५ हजारांवर. तेव्हा ते कुणाला सोन्यासारखे वाटले नसतील, आज तेवढे पत्ते विकत घ्यायला निघालात तर कळेल. जानेवारी १९९१ मध्ये दिल्ली ते मुंबई पहिली लीज्ड लाइन, म्हणजे भाड्याने घेतलेली कायम चालू लाइन, वेग किती तर ९.६ केबीपीएस. नातवाला सांगा, तुझ्या फोनमधला ५ एमबीचा एक फोटो त्या लाइनवरून दिल्लीला पाठवायला सव्वा तासाच्या आसपास लागला असता, आणि तेवढा वेळ बाकी सगळ्या देशाने गप्प बसायचं. १९९२ पर्यंत सगळ्या आयआयटी आणि बंगळुरू असेच ९.६ वर जोडले गेले आणि त्याच वर्षी जुहूहून अमेरिकेत व्हर्जिनियाला, यूयूनेट कंपनीकडे, ६४ केबीपीएसची लाइन सुरू झाली. म्हणजे अख्ख्या अर्नेटचा परदेशाचा दरवाजा जुहूला होता आणि त्याची रुंदी ६४ केबीपीएस.

यातली मला महत्त्वाची वाटणारी गोष्ट वेगाची नाहीच. त्या काळी जगात भांडण चालू होतं, कॉम्प्युटरांनी एकमेकांशी बोलायच्या दोन पद्धतींपैकी टीसीपी/आयपी खरं की ओएसआय खरं. सरकारी मंडळींचा जगभर ओढा ओएसआयकडे, कारण ते कागदावर व्यवस्थित होतं, समित्यांनी पास केलेलं. अर्नेटने काय केलं तर दोन्ही चालवून बघितलं, एकाच लाइनवर दोन्ही, आणि १९९५ पर्यंत जवळजवळ सगळी वाहतूक आपोआप टीसीपी/आयपीवर आली. बाहेरून पेटीबंद माल आणला असता तर हे शिकायला मिळालं नसतं. आठ संस्थांमधल्या पोरांनी राऊटर उघडले, सोर्स कोड वाचला, एकमेकांना रात्री फोन करून शिव्या दिल्या. त्यातून माणसं तयार झाली. त्यापैकी एकांच्या हाताखाली मी पुढे शिकलो म्हणून जरा जास्त बोलतोय, माफ करा.

अर्नेट अजून आहे बरं का. १९९८ पासून स्वतंत्र सोसायटी आहे आणि कॉलेजांच्या वेबसाइटला शेवटी जे एसी डॉट इन लागतं ते तेच देतात.

माझा मायक्रोस्कोपीचा २ टीबी डेटा जर्मनीतल्या सहकाऱ्यांना पाठवायचाय. आमची लाइन १ जीबीपीएस आहे, तरी कॉपीला लावलं की महिना-दीड महिना दाखवतंय. गाइड म्हणतात, हार्ड डिस्क कुरिअर कर. सर, एवढं नेटवर्क असून कुरिअर? (पीएच.डी. करणारा विद्यार्थी, पुणे)

गाइडचं ऐकून आज डिस्क पाठवून दे, काम अडवू नकोस. आणि मग निवांत हे वाच.

१ जीबीपीएस पूर्ण मिळाला तर २ टीबीला साडेचार तास. तुला महिना दाखवतंय म्हणजे लाइन नाही, बोलण्याची पद्धत चुकतेय. पुण्याहून जर्मनीत जाऊन परत यायला सिग्नलला साधारण १३० मिलिसेकंद लागतात असं धरू. आता समोरचा कॉम्प्युटर म्हणतो, मी एका वेळी ६४ केबीच घेईन, ते पोचल्याचा निरोप आला की पुढचं पाठव. म्हणजे एक बादली पाठवायची, १३० मिलिसेकंद हात चोळत बसायचं, मग दुसरी बादली. हिशोब कर, सेकंदाला अर्धा एमबी पडतो, एका बाइटचे आठ बिट धरून ४ एमबीपीएस फक्त, आणि २ टीबीला झाले ४६ दिवस. तुझा दीड महिना आला की नाही? पाईप कितीही रुंद कर, बादली तेवढीच आहे तोवर काही उपयोग नाही. आजकालच्या ऑपरेटिंग सिस्टिम बादली आपोआप मोठी करतात, पण जुनं कॉपी करायचं सॉफ्टवेअर किंवा मध्ये बसलेला एखादा आगाऊ फायरवॉल ती परत छोटी करून ठेवतो. शेजारच्या बिल्डिंगमध्ये कॉपी करताना हे कळतच नाही, कारण तिथे निरोप लगेच येतो, म्हणून सगळे म्हणतात आमच्याकडे तर पळतंय.

उपाय दोन. तुझ्या हातातला म्हणजे एका वेळी अनेक बादल्या, ग्लोबस नाहीतर आरक्लोन हे सॉफ्टवेअर वापर, आठ-सोळा धारा एकदम सोड, आणि शेवटी चेकसम, म्हणजे फाइल जशीच्या तशी पोचली का ते सांगणारा आकडा, जुळव, नाहीतर जर्मनीत पोचल्यावर कळायचं की एक फाइल फुटकी आहे. संस्थेच्या हातातला उपाय म्हणजे डेटा पाठवायचं एक मशीन ऑफिसच्या फायरवॉलच्या आत न ठेवता बाहेर, एनकेएनच्या राऊटरजवळ, स्वतःच्या कडक नियमांसह ठेवायचं. अमेरिकेत ईएसनेट या संशोधन-नेटवर्कच्या लोकांनी ही पद्धत नीट मांडली, सायन्स डीएमझेड म्हणतात. सिक्युरिटीवाले आधी नाही म्हणतील. त्यांना सांग की त्या मशीनवर मेल नाही, ब्राउझर नाही, ठरलेल्या पत्त्यांशिवाय कुणाशी बोलणं नाही. मला हे पटवायला दोन संचालक बदलावे लागले, म्हणजे मी नाही बदलले, ते रिटायर झाले.

आणि तुझ्याच शहराच्या आसपास बघ. जुन्नर तालुक्यात खोडदला जीएमआरटी ही रेडिओ दुर्बीण आहे, ४५ मीटरच्या ३० अँटेना, मधोमध १४ आणि बाकीच्या तीन दिशांना लांबवर पसरलेल्या, सगळ्यांचा सिग्नल एका खोलीत आणायला त्यांनी शेतांतून स्वतःचा ऑप्टिकल फायबर टाकला, तेही फायबर हा शब्द घरोघरी पोचायच्या कितीतरी आधी. त्या लोकांना भेट, चहा पाज, डेटा हलवण्याबद्दल त्यांना विचार.

आमचं अनुदानित कॉलेज छोटं आहे, एनकेएन वगैरे इथे कुणी ऐकलेलं नाही. जवळ औंढ्याला लायगोचं काम सुरू आहे, त्यासाठी मोठा फायबर येईल असं म्हणतात. आम्हाला त्यातून काही मिळेल का? (सहायक प्राध्यापिका, हिंगोली जिल्हा)

मॅडम, लायगो म्हणजे गुरुत्वीय लहरी पकडणारी वेधशाळा, तिला नेटवर्क लागणारच. अमेरिकेतल्या दोन लायगो, इटलीतली व्हर्गो, यांच्या वेळा जुळवल्याशिवाय गुरुत्वीय लहर आकाशात कुठून आली ते कळत नाही आणि दुर्बिणींना मिनिटांत सांगावं लागतं की इकडे बघा, त्यामुळे औंढ्याहून डेटा झटपट बाहेर जायलाच हवा. पण फायबर गावावरून जातो म्हणून गावात नेट येतं असं होत नाही, हायवेचंही तेच असतं, उतरायला फाटा लागतो. फाटा मागावा लागतो आणि तो कागदावर आत्ताच मागा, रस्ते खोदून झाल्यावर नाही. एकट्या कॉलेजने मागण्यापेक्षा जिल्ह्यातल्या चार-पाच कॉलेजांनी मिळून विद्यापीठामार्फत मागितलं तर फाइल हलते, हा माझा अनुभव.

तोवर फुकटात मिळणारं सोडू नका. शोधगंगेवर देशभरातले पीएच.डी.चे प्रबंध उघडे आहेत, कुणालाही. ते चालवणारं इन्फ्लिबनेट, म्हणजे विद्यापीठांच्या लायब्ऱ्या जोडणारं केंद्र, आज गांधीनगरला आहे, पण १९९१ मध्ये ते आपल्या पुण्यातल्या आयुका या खगोलशास्त्राच्या संस्थेच्या छत्राखाली प्रकल्प म्हणून सुरू झालं होतं. आणि जानेवारी २०२५ पासून 'वन नेशन वन सब्स्क्रिप्शन' आलंय, तीन वर्षांसाठी ६,००० कोटी, तीस प्रकाशकांची १३ हजारांच्या आसपास जर्नल्स. ते सरकारी व्यवस्थापनाखालच्या संस्थांसाठी आहे, त्यामुळे अनुदानित म्हणून तुमचं नाव बसतं का ते प्राचार्यांकरवी इन्फ्लिबनेटला थेट विचारून घ्या, ऐकीव माहितीवर राहू नका. याचं लॉगिन कॅम्पसबाहेरूनही चालतं, म्हणजे कॉलेजचं नेट मेलेलं असलं तरी घरून पेपर वाचता येतात.

एक आठवण राहवत नाही म्हणून. आयआयटी मुंबईचे फाटक सर, दीपक फाटक, यांनी एका वेळी हजारो शिक्षकांना ट्रेनिंग द्यायचा उपक्रम केला होता, देशभरच्या कॉलेजांत केंद्रं, पवईहून लाइव्ह शिकवणं. आमच्या केंद्रावर पहिल्या दिवशी आवाज पोचला, चित्र नाही, आणि तरी चाळीस मास्तर दिवसभर बसून राहिले. छोट्या कॉलेजांना यात रस नाही असं कुणी म्हणालं की मला ते चाळीस जण आठवतात.

मुलगा नेदरलँड्सला शिकतो. तो म्हणतो, त्याच्या युनिव्हर्सिटीचा वायफाय पासवर्ड पॅरिसच्या युनिव्हर्सिटीतही चालला, आपोआप. हे सुरक्षित आहे का? मला तर भीतीच वाटली. (गृहिणी, कोल्हापूर)

घाबरू नका ताई. त्याला एज्युरोम म्हणतात आणि ते निघालं नेदरलँड्समध्येच, वर सांगितलेल्या सर्फच्या, म्हणजे तेव्हाच्या सर्फनेटच्या, लोकांच्या डोक्यातून. पॅरिसची युनिव्हर्सिटी तुमच्या मुलाचा पासवर्ड बघतच नाही. त्याच्या नावापुढे ॲट लावून जी युनिव्हर्सिटी लिहिलेली असते तिच्याकडे ती विचारणा पाठवते, पासवर्ड कुलूप लावलेल्या पेटीत तसाच्या तसा पुढे जातो, आणि घरून उत्तर आलं 'हो, आमचाच पोरगा आहे' की दार उघडतं. लग्नात नाही का, दारात कुणी ओळखलं नाही तर आतून मामा ओरडतो, येऊ दे, आपलाच आहे, तसं. शंभराहून जास्त देशांत हे चालतं, भारतात ते अर्नेट बघतं, सुट्टीत आला की आपल्याकडेही ज्या कॅम्पसमध्ये एज्युरोम लावलंय तिथे त्याचा फोन आपोआप जोडला जाईल.

त्याला फक्त एक विचारा, फोनमध्ये ते सेट करताना युनिव्हर्सिटीचं अधिकृत ॲप वापरलं की नुसतं नाव-पासवर्ड टाकून सर्टिफिकेटचा, म्हणजे समोरचं वायफाय खरं आहे का ते तपासायचा, प्रश्न 'डोंट व्हॅलिडेट' करून सोडून दिला. दुसरं केलं असेल तर कुणीही त्याच नावाचं खोटं वायफाय लावून पासवर्ड काढू शकतो. आज रात्री फोन येईल तेव्हा सांगा, जुनं डिलीट करून ॲपमधून परत टाक म्हणावं, पाच मिनिटांचं काम आहे.